मदत हवी आहे: एफ-१ (विद्यार्थी) व्हिसा आणि कॅम्पसच्या पेपरातला लेख

अमेरिकेत एमएस करतोय. विद्यार्थी वृत्तपत्रासाठी गाझावर लेख लिहिलाय. टीका इस्रायल सरकारवर आहे, ज्यूंविरुद्ध अवाक्षर नाही (कॅम्पसवर ज्यू मित्रांना झालेला त्रासही मी पाहिलाय). पण मार्च २०२५ मध्ये अशाच लेखाच्या सहलेखिकेला, टफ्ट्स विद्यापीठातल्या तुर्की विद्यार्थिनीला, इमिग्रेशनवाल्यांनी उचललं. कोर्टाने सोडेपर्यंत सहा आठवडे कोठडी. तेव्हापासून धाकधूक आहे.

इंटरनॅशनल ऑफिस म्हणतं, वकील गाठा. संपादक निनावी छापणार नाहीत. 'गप्प बस' हे आईने सांगून झालंय. माझा व्हिसा स्टॅम्प संपलाय, डिसेंबरात बहिणीच्या लग्नाला पुण्याला यायचंय, म्हणजे परतण्यासाठी नवा स्टॅम्प, आणि त्यासाठी मुंबईच्या अमेरिकन कॉन्सुलेटमध्ये मुलाखत आली. व्हिसा अर्जासाठी सोशल मीडिया अकाउंट पब्लिक ठेवावी लागतातच.

असं नावानिशी लिहून नंतर मुंबईत स्टॅम्पिंग केलेलं कुणी आहे का? लेखाबद्दल विचारलं का, आणि काय?