मदत हवी आहे : बार्शी लाइटवरच्या आमच्या बंद स्टेशनाबद्दल

नमस्कार मंडळी. आमचं गाव धाराशिव-लातूर पट्ट्यातलं, बार्शी लाइट रेल्वेच्या जुन्या नॅरोगेजच्या (अरुंद रुळांच्या लाइनीच्या) कडेचं. गाडी लातूरला 1911 मध्ये पोचली आणि 1954 मध्ये सरकारनं कंपनीकडून रेल्वे ताब्यात घेतली, एवढं पुस्तकांत सापडतं. धाराशिवमार्गे ब्रॉडगेज झाल्यावर आमचं स्टेशन कायमचं बाजूला पडलं. आता उरलाय दगडी चौथरा, तिकीट खिडकीची कमान आणि तिच्यातून वाढलेली बाभूळ. खिडकीखालचा दगड मात्र पैसे सरकवून सरकवून गुळगुळीत झालेला अजून हाताला लागतो.

गावच्या शाळेसाठी लहानशी पुस्तिका करतोय. म्हाताऱ्यांना विचारावं तर प्रत्येक जण हेच सांगतो की गाडी इतकी सावकाश जायची की उतरून बोरं तोडून परत चढता यायचं! गंमत आहे, पण त्यावर इतिहास कसा लिहिणार?

मला खरं कुतूहल सरहद्दीचं आहे. बार्शी इंग्रजी मुलखात, आम्ही निजामाच्या. मग करोडगिरीची (निजामाच्या सरहद्दीवरच्या जकातीची) तपासणी गाडीतच व्हायची की स्टेशनावर? कापूस, डाळी चढवताना जकात कोण घ्यायचं? आणि 1947-48 च्या धामधुमीत गाड्या चालू होत्या का?

कुणाकडे जुनं वेळापत्रक, पुठ्ठ्याचं तिकीट, मालाची पावती किंवा आषाढीच्या गर्दीचा फोटो असेल तर कृपया कळवा. घरात कुणी या लाइनवर गँगमन, पॉइंट्समन होतं का? रेल्वेचे जुने नकाशे सोलापूरला बघायला मिळतात का, तेही सांगा. मूळ वस्तू नको, मोबाइलवर काढलेला फोटो चालेल.