रिकाम्या टाकीत पाणी चढवणारे सूत्र : व्यवहारातील फलाचा प्रांत कसा ठरवावा?

नमस्कार. मी अकरावीच्या विद्यार्थ्यांना गणित शिकवते. फलाचा (function) प्रांत, म्हणजे चलाच्या ज्या किमतींसाठी ते फल घ्यायचे त्या किमतींचा संच (domain), ठरवताना आपण सहसा छेद शून्य होऊ नये आणि वर्गमुळाखालची राशी ऋण नसावी, एवढे तपासायला सांगतो. शाब्दिक उदाहरण असल्यास लांबी, वेळ किंवा घनफळ ऋण येऊ नये, अशी भर घालतो. ही कसोटी मला अपुरी वाटते, म्हणून जाणकारांचे मत हवे आहे.

तळाशी बारीक छिद्र असलेली एक उभी दंडगोलाकार टाकी घेऊ. टॉरिचेल्लीच्या नियमानुसार छिद्रातून पडणाऱ्या पाण्याचा वेग पातळीच्या वर्गमुळाच्या प्रमाणात असतो. सुरुवातीची पातळी १०० सेंमी असेल आणि टाकी ४० मिनिटांत रिकामी होत असेल, तर क्ष मिनिटांनंतरची पातळी प(क्ष) = १००(१ − क्ष/४०)² इतकी येते. आता क्षची किंमत ६० घेतली, तर उत्तर येते २५ सेंमी. येथे छेदात चल नाही, वर्गमुळाचे चिन्ह नाही आणि उत्तर कधीच ऋण येत नाही; म्हणजे नेहमीच्या सगळ्या कसोट्या पार पडतात, तरीही कोणी पाणी न भरता टाकी पुन्हा भरू लागते! ज्या नियमातून सूत्र निघाले त्यात पातळी फक्त उतरू शकते, आणि ६० व्या मिनिटाला हे सूत्र ती मिनिटाला २.५ सेंमी या दराने चढताना दाखवते. म्हणून प्रांत सूत्राकडे पाहून नव्हे, तर मूळ नियम कुठपर्यंत लागू आहे हे पाहून ठरवावा, असे माझे मत आहे.

मात्र येथेच माझी अडचण सुरू होते. प्रांत [०, ४०], म्हणजे दोन्ही टोके धरून ० ते ४०, एवढाच मानावा, की ४० नंतर पातळी शून्य असे दोन तुकड्यांचे फल लिहावे? टाकी रिकामी असणे हीदेखील टाकीची खरी अवस्था आहे, त्यामुळे मला दुसरा पर्याय पटतो. शिवाय पाणी छिद्राच्या व्यासाइतके उथळ झाले की हा नियम नीट लागू पडत नाही. मग प्रांत ४० च्या थोडा आधीच संपवणे अधिक प्रामाणिक ठरेल का?

दुसरी शंका टोकांच्या बिंदूंची आहे. ३० × २० सेंमी पत्र्याच्या कोपऱ्यांतून क्ष बाजूचे चौरस कापून उघडा डबा केला, तर घनफळ क्ष(३० − २क्ष)(२० − २क्ष) होते. क्ष = १६ घेतल्यास दोन्ही बाजू ऋण होऊन गुणाकार मात्र धन, ३८४, येतो; तो अर्थातच त्याज्य आहे. पण ० आणि १० यांचे काय? तेथे डबाच उरत नाही, तरी ते घेतले की अंतराल बंद होते, म्हणजे टोकेही त्यात येतात, आणि सलग (continuous) फलाची महत्तम किंमत अस्तित्वात असल्याची हमी मिळते. विद्यार्थ्यांनी उत्तरपत्रिकेत (०, १०) लिहावे की [०, १०], आणि त्याचे कोणते कारण द्यावे?