शब्दाविना संगीत: 'द ओल्ड मिल'

डिस्नेच्या 'द बँड कॉन्सर्ट' या कार्टूनपटातलं वादळ आवडलं असेल, तर त्याच्याच दिग्दर्शकाने, विल्फ्रेड जॅक्सनने, दिग्दर्शित केलेली 'द ओल्ड मिल' (१९३७) ही छोटी कार्टून फिल्म जरूर बघा. पडकी पवनचक्की, एक रात्र आणि एकही संवाद नाही. तळ्यात एक बेडूक डरावतो, दुसरा उत्तर देतो, मग रातकिडे सूर धरतात आणि बघता बघता मैफल जमते! वाद्यवृंद संगीतकार ली हार्लाइनचा, पण ताल बेडकांचा.

पुढे वादळात चक्कीचं दातेरी चाक फिरू लागतं. पाखराचं घरटं नेमकं दात्याच्या खाचेत, आणि तिथे येणारा दाताच तुटलेला. पाखरू अंडी सोडून हलत नाही. दर फेरीला माझा श्वास अजूनही अडकतो.

मल्टिप्लेन कॅमेऱ्यामुळे (यात चित्राचे थर एकामागे एक, अंतर ठेवून मांडून चित्रित करतात) दृश्याला आलेली खोली मोठ्या पडद्यावरच कळते.