मदत हवी आहे: व्हाइट कॅसलसारखे छोटे बर्गर करताना बन ओले होतात

नमस्कार. कॅन्ससमधील विचिटा येथे १९२१ साली सुरू झालेल्या व्हाइट कॅसल या अमेरिकन बर्गर साखळीच्या धर्तीवरचे छोटे चौकोनी बर्गर घरच्या तव्यावर करायचे आहेत, त्यासाठी जाणकारांचे मार्गदर्शन हवे आहे. त्यांच्याकडे मांसाची पातळ, पाच भोके पाडलेली चकती कांद्याच्या थरावर ठेवतात, ती उलटत नाहीत, आणि वर बन ठेवल्यामुळे भोकांतून येणारी कांद्याची वाफ मांस शिजवता शिजवता बनमध्येही मुरते. खरी चव मला त्या वाफेतच वाटते.

खिमा ट्रेमध्ये पातळ थापून, थोडा गोठवून मग चौकोन कापले की भोके नीट राहतात. अडचण पुढे येते. सुका कांदा भिजवून पाण्यासकट तव्यावर पसरला की मधल्या बनचा मांसाला टेकलेला भाग अगदी गिच्च होतो आणि कडेच्या चकत्या मात्र करपू लागतात. कांदा निथळून घ्यावा का? झाकण ठेवावे, की वाफ मोकळी सोडावी?

आमचे काही पाहुणे गोमांस खात नाहीत. चिकनचा खिमा आतून ७४ अंश सेल्सिअसपर्यंत शिजवूनही कोरडा पडू नये म्हणून त्यात काय मिसळावे, हेही कृपया सविस्तर सांगावे.