मदत हवी आहे : ३० लाखांचे गृहकर्ज शेवटी केवढ्याला पडते?

नमस्कार. मी सांगलीत एका माध्यमिक शाळेत गणित शिकवते आणि माझे यजमान कुपवाडच्या औद्योगिक वसाहतीतील एका कारखान्यात नोकरी करतात. आम्ही विश्रामबागेत ४० लाख रुपयांची एक सदनिका पाहून ठेवली आहे. १० लाख रुपये आमच्या मुदत ठेवींमधून उभे राहतील आणि उरलेल्या ३० लाखांचे कर्ज एका गृहवित्त कंपनीने ८.५ टक्के फ्लोटिंग (वेळोवेळी बदलणाऱ्या) दराने देऊ केले आहे. कागदांवर सही करण्यापूर्वी हा व्यवहार वीस वर्षांनी आम्हाला नेमका केवढ्याला पडलेला असेल, हे मला नीट समजून घ्यायचे आहे. माझी आकडेमोड येथे मांडते. ती कुठे चुकते आहे आणि कोणता खर्च माझ्या नजरेतून सुटला आहे, हे जाणकारांनी कृपया दाखवून द्यावे.

घर घ्यायचे हे मात्र ठरलेले आहे. ऑगस्ट २०१९ मध्ये आयर्विन पुलापाशी कृष्णेचे पाणी ५७ फुटांवर गेले, तेव्हा गावभागातील आमच्या भाड्याच्या घराचा तळमजला पाण्यात होता आणि २०२१ मध्ये पुन्हा सामान वर चढवावे लागले. त्यामुळे 'घर घ्यावे की भाड्याने राहावे' या प्रश्नात मी येथे शिरत नाही. प्रश्न कर्जाचा आहे.

वीस वर्षांच्या मुदतीसाठी मासिक हप्ता २६,०३५ रुपये येतो. त्याला २४० ने गुणले की एकूण फेड ६२ लाख ४८ हजार होते, म्हणजे मुद्दल ३० लाख आणि व्याज ३२ लाख ४८ हजार. घेतलेल्या रकमेपेक्षा व्याजच अधिक भरायचे, हे मी वर्गात चक्रवाढ व्याज शिकवत असूनही स्वतःच्या घरासाठी हिशेब करीपर्यंत मनात उतरले नव्हते. पहिल्या महिन्याच्या हप्त्यातील २१,२५० रुपये व्याजात जातात आणि मुद्दल फक्त ४,७८५ रुपयांनी कमी होते. पाच वर्षांत आम्ही १५ लाख ६२ हजार रुपये भरलेले असतील आणि तरीही २६ लाख ४४ हजार रुपये देणे शिल्लक असेल. हप्त्यातील मुद्दलाचा वाटा व्याजाच्या वाट्यापेक्षा मोठा होतो तो १४३ व्या हप्त्याला, म्हणजे बारावे वर्ष संपत आल्यावर.

कंपनीचे अधिकारी वीसऐवजी पंचवीस वर्षांची मुदत घ्यावी असा आग्रह धरत आहेत, कारण तसे केल्यास हप्ता २४,१५७ रुपयांवर येतो. महिन्याला १,८७८ रुपये वाचतात हे खरे आहे, परंतु एकूण फेड ७२ लाख ४७ हजारांवर जाते, म्हणजे सुमारे १० लाख रुपये जास्त. उलट पंधरा वर्षांत फेडायचे ठरवले तर हप्ता २९,५४२ रुपये होतो आणि एकूण फेड ५३ लाख १८ हजारांत आटोपते. दोघांच्या पगारातून एवढा हप्ता जाऊ शकतो, मात्र मग एखाद्या वर्षी घरातले आजारपण किंवा कारखान्यातली कपात आम्हाला पेलवणार नाही, अशी भीती वाटते.

या भीतीला एक कारण आहे. माझ्या धाकट्या बहिणीच्या यजमानांनी २०२१ मध्ये एका बँकेकडून ७ टक्के दराने २० लाखांचे कर्ज वीस वर्षांसाठी घेतले होते. हप्ता १५,५०६ रुपये होता. मे २०२२ मध्ये ४ टक्क्यांवर असलेला रेपो दर (ज्या दराने रिझर्व्ह बँक बँकांना कर्ज देते तो) वाढायला लागला आणि फेब्रुवारी २०२३ पर्यंत तो ६.५ टक्के झाला. त्यांचा कर्जाचा दर त्याबरोबर ९.५ टक्क्यांवर गेला, पण हप्ता तोच राहिल्यामुळे घरात कोणाच्या काही लक्षात आले नाही. दोन वर्षांनी खातेउतारा मागवला तेव्हा १९ लाखांच्या वर मुद्दल शिल्लक होते, त्यावरचे महिन्याचे व्याजच १५,१०० रुपयांच्या वर जात होते आणि १५,५०६ रुपयांच्या हप्त्यातून मुद्दलापर्यंत चारशे रुपयेही पोहोचत नव्हते. त्या गतीने कर्ज फिटायला आणखी सुमारे एकोणचाळीस वर्षे लागली असती. मूळ मुदत राखण्यासाठी त्यांना हप्ता साडेअठरा हजारांच्या घरात न्यावा लागला. बहीण तो उतारा घेऊन माझ्याकडे आली होती आणि 'ताई, आम्ही दोन वर्षे नक्की काय भरले?' असे तिने विचारले होते. मी या धाग्यावर आले आहे ती त्या प्रश्नामुळे.

आता इतर खर्च. प्रोसेसिंग फी जीएसटीसह १७,७०० रुपये आहे. त्याशिवाय ९० हजार रुपयांचा एकरकमी हप्त्याचा कर्जविमा त्यांनी सुचवला असून ती रक्कम कर्जातच मिळवून देऊ, असे ते म्हणतात. मी हिशेब केला तर या विम्यामुळे मासिक हप्ता ७८१ रुपयांनी वाढतो आणि ९० हजारांचे वीस वर्षांत १ लाख ८७ हजार होतात. घर केवळ माझ्या नावे घेतले तर मुद्रांक शुल्कात महाराष्ट्रात स्त्रियांना मिळणारी १ टक्क्याची सवलत, म्हणजे ४० हजार रुपये, वाचतात. नोंदणी शुल्क ३० हजारांच्या वर जात नाही. विमा सोडला तर हे सर्व पैसे हातचे द्यायचे आहेत, कर्जात बसत नाहीत.

माझे प्रश्न असे आहेत. मुदत पंधरा, वीस की पंचवीस वर्षांची घ्यावी? 'आता मोठी मुदत घ्या आणि सवडीने जास्तीचे भरा' हा सल्ला प्रामाणिक मानावा का? दर वाढला तर आम्हाला वेळीच कसे कळेल? आणि घरातले वडीलधारे सांगतात ती प्राप्तिकरातील बचत या हिशेबात धरावी का?

प्रतिसाद (निवृत्त बँक कर्मचारी, सातारा)

ताई, आपली आकडेमोड बरोबर आहे. आपण विचारलेल्या प्रश्नांच्या आधी एक गोष्ट पाहावी लागेल, ती म्हणजे आपला ८.५ टक्के दर कशाला बांधलेला आहे. १ ऑक्टोबर २०१९ पासून व्यापारी बँकांना नवी फ्लोटिंग गृहकर्जे रेपोसारख्या बाहेरच्या दराला जोडावी लागतात आणि किमान तीन महिन्यांतून एकदा दर बदलून द्यावा लागतो. गृहवित्त कंपन्यांना हे बंधन नाही. त्या स्वतः ठरवलेल्या मूळ दराला कर्ज बांधतात. फेब्रुवारी ते जून २०२५ या काळात रेपो ६.५ वरून ५.५ टक्क्यांवर आला. रेपोशी जोडलेल्या कर्जदारांना ही घट आपोआप मिळाली, तर कंपनीच्या मूळ दरावर असलेल्या अनेकांना ती मागून घ्यावी लागते आणि त्यासाठी रूपांतर शुल्कही (दर बदलून घेण्याचे शुल्क) भरावे लागते. म्हणून एखाद्या राष्ट्रीयीकृत बँकेकडून लेखी दर अवश्य घ्यावा. दर ८ टक्के मिळाला तर वीस वर्षांचा हप्ता २५,०९३ होतो आणि एकूण फेडीत सुमारे सव्वादोन लाखांचा फरक पडतो. कागदपत्रांसाठी पंधरा दिवस जास्त गेले तरी हरकत नाही.

दुसरे, कंपनीकडून मुख्य तथ्य पत्रक मागावे. १ ऑक्टोबर २०२४ पासून किरकोळ कर्जांसाठी ते देणे रिझर्व्ह बँकेने बंधनकारक केले आहे आणि ते कर्जदाराला समजणाऱ्या भाषेत असावे लागते, म्हणून मराठीत मागण्याचा आपल्याला अधिकार आहे. त्यात सर्व शुल्के धरून काढलेला वार्षिक टक्केवारी दर असतो. आपल्या आकड्यांवरून मी तो काढून पाहिला. ९० हजारांचा विमा कर्जात घातला आणि प्रोसेसिंग फी वजा केली, तर ८.५ टक्क्यांचे हे कर्ज जवळजवळ ९ टक्क्यांना पडते. कर्ज देणाऱ्यानेच सुचवलेला विमा घेण्याची सक्ती नाही. यजमानांच्या नावे स्वतंत्र मुदत विमा घ्यावा आणि कर्जाशी त्याचा संबंध ठेवू नये, असे माझे स्पष्ट मत आहे.

मुदतीबद्दल सांगायचे तर, त्या अधिकाऱ्यांचे म्हणणे गणिताने खोटे नाही. पंचवीस वर्षांच्या कर्जावरही आपण दरमहा २९,५४२ रुपये भरले तर ते पंधरा वर्षांतच फिटेल, आणि व्यक्तींच्या फ्लोटिंग गृहकर्जावर बँकांना मुदतपूर्व फेडीचे शुल्क लावता येत नाही, हे २०१२ पासून ठरलेले आहे. परंतु माझ्या नोकरीच्या काळात मोठी मुदत घेऊन नियमाने जास्तीचे भरणारी कुटुंबे मला फार थोडी भेटली. उरलेले पैसे लग्नकार्यात आणि गाडीत जातात. आपण वीस वर्षांची मुदत घ्यावी आणि यजमानांच्या दिवाळीच्या बोनसमधून वर्षाला एक जादा हप्ता भरावा. एवढे केले तरी कर्ज सतरा वर्षांच्या आत फिटते आणि सहा लाखांहून अधिक रुपये वाचतात. जादा भरणा करताना 'हप्ता तोच ठेवून मुदत कमी करावी' असे अर्जात स्पष्ट लिहावे, नाहीतर काही ठिकाणी हप्ता कमी केला जातो आणि व्याजातली खरी बचत हातून जाते. सुरुवातीच्या पाच-सात वर्षांत भरलेल्या जादा रुपयाला सर्वांत जास्त मोल असते.

बहिणीच्या घरी जे घडले त्याची दखल रिझर्व्ह बँकेने १८ ऑगस्ट २०२३ च्या परिपत्रकात घेतली आहे. दर बदलताना हप्ता वाढवायचा, मुदत वाढवायची की दोन्ही थोडे थोडे, हे कर्जदाराला विचारावे लागते आणि उरलेले हप्ते, मुद्दल व व्याज दाखवणारे विवरण दर तिमाहीला उपलब्ध करून द्यावे लागते. दर वाढला तर प्रत्येक वेळी हप्ता वाढवण्याचा पर्याय लेखी कळवावा. कर्ज फिटल्यावर मूळ कागदपत्रे तीस दिवसांत परत मिळाली पाहिजेत. उशीर त्यांच्याकडून झाला तर दिवसाला ५,००० रुपये भरपाई द्यावी लागते.

प्रतिसाद (मिरज)

प्राप्तिकराचे उत्तर थोडक्यात देतो. कलम २४(ब) खाली दोन लाखांपर्यंतच्या व्याजाची आणि ८०सी खाली दीड लाखापर्यंतच्या मुद्दलाची वजावट फक्त जुन्या करप्रणालीत मिळते. नव्या प्रणालीत राहत्या घराच्या व्याजाला वजावट नाही. आर्थिक वर्ष २०२५-२६ पासून नव्या प्रणालीत पगाराचे १२ लाखांपर्यंतचे करपात्र उत्पन्न करमुक्त आहे, त्यामुळे आपली दोघांची उत्पन्ने स्वतंत्रपणे त्या मर्यादेत असतील तर वाचवायला करच नाही. ही बचत आपण शून्य धरावी. मग घर एकट्या आपल्या नावे घेतल्याने यजमानांची वजावट जाईल ही अडचणही उरत नाही आणि मुद्रांक शुल्काचे ४० हजार निर्धास्तपणे वाचवता येतील.

एका बाबतीत मात्र माझे मत वेगळे आहे. ६२ लाख ४८ हजार ही बेरीज अचूक असली तरी तिच्यात आजचा रुपया आणि २० वर्षांनंतरचा रुपया एकाच मापाने मोजलेला आहे. रिझर्व्ह बँकेचे महागाईचे उद्दिष्ट ४ टक्के आहे. तेवढीच महागाई धरली तर आपला शेवटचा हप्ता आजच्या मोलाने १२ हजारांहून कमी भरेल आणि सर्व हप्त्यांचे आजचे मोल मिळून ४३ लाखांच्या आसपास येईल. म्हणजे कर्जाची खरी किंमत आजच्या पैशांत १३ लाख आहे. ती लहान नाही, पण ३२ लाखही नाही. पगार महागाईबरोबर वाढत राहील अशी खात्री असेल तरच हा हिशेब लागू पडतो, हे लक्षात ठेवावे.

धागाकर्ती

दोघांचे मनापासून आभार. महागाईचा हिशेब मी स्वतः पुन्हा करून पाहिला आणि तो जुळला. यजमानांचा पगार गेल्या चार वर्षांत फारसा वाढलेला नाही, त्यामुळे आमच्या घरापुरता मी १३ लाखांचा आकडा न धरता त्याहून मोठा धरणार आहे.

आज कंपनीकडे मराठीतील मुख्य तथ्य पत्रक मागितले. त्यात वार्षिक टक्केवारी दर ८.९९ टक्के लिहिलेला आहे, म्हणजे साताऱ्याच्या काकांनी घरी बसून काढलेला आकडा बरोबर निघाला. विमा काढून टाका असे सांगितल्यावर अधिकाऱ्यांनी 'मग मंजुरीला वेळ लागेल' असे उत्तर दिले, म्हणून तो नकार मी लेखी मागितला आहे. सोमवारी शाळा सुटल्यावर एका राष्ट्रीयीकृत बँकेच्या शाखेत जाऊन रेपोशी जोडलेला दर विचारणार आहे. तेथे जाण्यापूर्वी एवढेच सांगावे : रेपोवर बँक जो आपला वाढीव टक्का लावते, तो पुढील वर्षांत तिला कोणत्या कारणाने वाढवता येतो आणि करारपत्रात ते कलम कोणत्या नावाने शोधावे?