79 गोल खरे, पण मार्ग्रेत लाउराला थोर म्हणायचं का?

उत्तरवारा
आइसलंडच्या महिला फुटबॉलचा विषय निघाला की कुणीतरी लगेच आकडा फेकतो: मार्ग्रेत लाउरा विदार्स्दोत्तिर, 124 सामने, 79 गोल. त्या देशाच्या पुरुष संघाचा विक्रम गिल्फी सिगुर्डसनचा, तो 27 गोलांचा. म्हणजे जवळपास तिप्पट. झालं, चर्चा संपली, बाई सर्वश्रेष्ठ!

मला हे पटत नाही. 2006 मध्ये ती जर्मनीत डुइसबुर्गला गेली आणि काही महिन्यांत वालूरला, म्हणजे मायदेशातल्या क्लबात, परत आली. 2009 मध्ये स्वीडनच्या लिंकोपिंगला गेली, तिथून त्याच मोसमात छोट्या क्रिस्टियानस्टाडला. मग पोट्सडाम, तेव्हाचा जर्मनीचा दादा क्लब. तिथेही बस्तान बसलं नाही. मोठे तीन दरवाजे उघडले, तिन्हींतून ती परत फिरली.

युरोपच्या क्लब स्पर्धेत 2008-09 च्या मोसमात ती सर्वाधिक गोल करणारी होती, 14 गोल. ऐकायला भारी. पण प्राथमिक गटात समोर होते वेल्सचा कार्डिफ आणि इस्रायलचा होलोन. झिम्बाब्वेविरुद्धची शतकं आपण कशी मोजतो? तशीच हीही मोजावीत.

याउलट आइसलंडचीच स्वेइन्दीस जेन योन्सदोत्तिर बघा. जर्मनीच्या वोल्फ्सबुर्गसारख्या क्लबात चार मोसम टिकली. डिसेंबर 2024 मध्ये चॅम्पियन्स लीगमध्ये रोमाविरुद्ध उत्तरार्धात बदली म्हणून उतरली आणि एकटीने चार गोल ठोकले. सामना 6-1. ती खरी स्ट्रायकर. मला तो एक सामना त्या 79 पेक्षा जड वाटतो. घाला आता शिव्या.

पेठेतला_हाफबॅक
शिव्या कशाला घालू, फक्त इचारतो. आइसलंडची सगळी लोकसंख्या चार लाखाच्या आत. आमचं कोल्हापूर शहर 2011 च्या जनगणनेत साडेपाच लाखाच्या घरात होतं. आमच्याकडं शाहू स्टेडियमवर पाय ठेवायला जागा नसती, पेठापेठांत फुटबॉलवरनं भांडणं होत्यात, तरी शहरातनं किती पोरी देशाकडनं खेळल्या ते सांगा. आणि ही तर राजधानीतलीबी न्हवं. वेस्टमन बेटांवरची, हेइमाएची. तिथं चार-साडेचार हजार माणूस राहतंय. 1973 ला ज्वालामुखी फुटला तवा अख्खं गाव रात्रीत होड्यांत बसवून हलवलं होतं, ते बेट. असल्या ठिकाणची पोर 79 गोल मारती आणि तुम्ही म्हणता झिम्बाब्वे!

उत्तरवारा
लोकसंख्येचं कौतुक देशाला द्या की. स्वेइन्दीससुद्धा त्याच देशाची आहे, केफ्लाविकची. मी खेळाडूबद्दल बोलतोय.

आकडेमोड
"झिम्बाब्वे", म्हणजे कमकुवत संघ, हा शब्द फार सैल वापरला जातोय. जरा 2009 च्या युरोची, म्हणजे युरोपातल्या राष्ट्रीय संघांच्या स्पर्धेची, पात्रता फेरी आठवा. गटात फ्रान्स, सर्बिया, स्लोव्हेनिया, ग्रीस. त्यातल्या स्लोव्हेनियाने ऑगस्ट 2007 मध्ये आइसलंडला 2-1 हरवलं होतं. म्हणजे आइसलंडला तेव्हा कमकुवत असं कुणी नव्हतंच, कारण तो स्वतःच त्या रांगेतला संघ होता. जर्मनीने दुबळ्यांना सात-आठ गोल मारणं आणि आइसलंडने मारणं या वेगळ्या गोष्टी आहेत.

आणि जून 2007 मध्ये रेक्याविकच्या लाउगारदाल मैदानावर फ्रान्सला 1-0 हरवलं, तो गोल कुणाचा? मार्ग्रेतचा. फ्रान्सलाही झिम्बाब्वेत ढकलणार का? गटात दुसरं स्थान मिळालं, मग आयर्लंडविरुद्धची लढत जिंकली आणि आइसलंड युरोला गेलं. पुरुष असो वा महिला, त्या देशाच्या कुठल्याही वरिष्ठ फुटबॉल संघाची ती पहिली मोठी स्पर्धा. पुरुषांना तिथवर यायला 2016 उजाडलं. सगळ्या जगाला पुरुष संघाच्या चाहत्यांचा तो टाळ्यांचा गजरच तेवढा आठवतो, हा भाग निराळा.

शंकासुर
उत्तरवारा यांच्या बाजूने थोडं. 2017 च्या युरोची पात्रता फेरी बघा. त्यात हार्पा थोर्स्टेइन्सदोत्तिरने 10 गोल केले, नॉर्वेची नामवंत स्ट्रायकर आदा हेगरबर्गच्या बरोबरीने सर्वाधिक. हार्पा चांगली खेळाडू, पण तिला कुणी हेगरबर्गच्या पंक्तीला बसवत नाही. मग यातून काय दिसतं? आइसलंडचा संघ शिस्तीचा, सेट-पीसवर (फ्री किक, कॉर्नर वगैरेंवर) तरबेज, चेंडू गोलासमोरच्या पेटीत पोचवणारा. पुढे कुणीही बऱ्यापैकी स्ट्रायकर उभी करा, पात्रता फेरीत गोल होतातच. मार्ग्रेत 2003 ते 2019 अशी सोळा वर्षं त्या जागी होती. साचले 79.

ऑक्टोबर 2017 मध्ये तर त्यांनी जर्मनीला जर्मनीतच 3-2 हरवलं. मार्ग्रेत संघात नव्हती.

आकडेमोड
"कुणीही उभी करा" हे तपासता येतं. मार्ग्रेतच्या आधीचा विक्रम आस्थिल्दुर हेल्गादोत्तिरचा होता, 23 गोल. आस्थिल्दुर स्वीडनमध्ये माल्मोला खेळली, लेचीपेची नव्हे. मार्ग्रेतच्याच काळातली होल्मफ्रीदुर माग्नुसदोत्तिर शंभरावर सामने खेळली, तिचे 37. संघ तोच, सेट-पीस तेच, काळही तोच. मग बाकीच्यांचे का नाही साचले?

आणि 2017 चंच काढलंत तर पुढचंही सांगा. त्या युरोच्या आधी मार्ग्रेतचा गुडघा गेला, स्पर्धा हुकली. तिची बहीण एलिसा, तीही राष्ट्रीय संघातली, तीही दुखापतीने बाहेर. हार्पा नुकतीच बाळंतपणातून उठून आलेली. मुख्य स्पर्धेत आइसलंड तिन्ही सामने हरलं, मिळून गोल एक. पात्रतेत पाऊस पाडणारी ती व्यवस्था तिथे कुठे गेली होती?

माल्मोकरीण
मी स्वीडनच्या माल्मो भागात बरीच वर्षं राहते, म्हणून क्रिस्टियानस्टाडबद्दल बोलते. "छोटा क्लब" असा उल्लेख नाक मुरडून झालाय. छोटा होताच. 2009 मध्ये एलिसाबेत गुन्नार्सदोत्तिर तिथे प्रशिक्षक म्हणून आली, तीही वालूरची, मार्ग्रेतला आधीपासून ओळखणारी. ती 2023 पर्यंत तिथेच राहिली, आता बेल्जियमच्या राष्ट्रीय संघाकडे आहे. तेव्हा स्वीडिश लीग म्हणजे काय चीज होती हे आज इंग्लंड-स्पेनच्या झगमगाटात कुणाला आठवत नाही. ब्राझीलची महान मार्ता नुकतीच तिथून गेली होती, स्वीडनची स्ट्रायकर शेलिन तिथलीच. अशा लीगमध्ये 2011 साली या छोट्या क्लबाकडून 16 गोल मारून मार्ग्रेत गोलयादीत सगळ्यात वर होती. हा आकडा मूळ लेखात गायब आहे! कमकुवत संघांविरुद्धचे गोल मोजायचे नाहीत म्हणता, ठीक. या लीगमधले तरी मोजा.

पोट्सडामला ती त्यानंतर गेली, ते मांडीचं जुनं दुखणं घेऊन. त्या दुखण्याने तिची ऐन उमेदीची वर्षं खाल्ली. 2014 मध्ये मूल झालं, त्यानंतर परत उभी राहिली, राष्ट्रीय संघाची कर्णधार झाली आणि 2019 मध्ये वालूरबरोबर लीग जिंकून मगच थांबली. याला "तिन्ही दारांतून परत फिरली" म्हणायचं?

उत्तरवारा
16 गोलांचा मुद्दा मान्य करण्यासारखा आहे, पण माझं म्हणणं त्याने खोटं ठरत नाही. एक उत्तम मोसम आणि थोर कारकीर्द यात फरक असतो. दुखापतीबद्दल सहानुभूती आहे. पण "दुखापत नसती तर" यावर मोजायचं म्हटलं तर अर्धं जग थोर ठरेल.

मोठ्या मंचावर या. 2009 आणि 2013, दोन युरो. तिचा गोल एक. तोही पेनल्टीवर.

निळी_जर्सी
हो, पेनल्टीवर. स्वीडनमधलं काल्मार, 2013, नॉर्वेविरुद्ध. संघ 0-1 मागे, 87 वं मिनिट. चार वर्षांपूर्वीच्या युरोत तिन्ही सामने हरलेले, युरोत देशाच्या नावावर एकही गुण नाही. त्या क्षणी चेंडू घेऊन उभं राहणं हे किरकोळ काम वाटत असेल तर एकदा भरल्या मैदानात मारून बघा. 1-1 झाला. पहिला गुण. पुढे जर्मनीकडून हरले, पण नेदरलँड्सला 1-0 हरवून उपांत्यपूर्व फेरी गाठली.

आता तुमच्याच तराजूत स्वेइन्दीसला घाला. 2022 चा युरो, तिचे गोल शून्य. 2025 चा युरो, नॉर्वेविरुद्ध 3-4 हरले त्यात एक. बेरीज एक. झाली की बरोबरी!

शंकासुर
हा हा, हे बरं पकडलंत. पण एक लक्षात घ्या, स्वेइन्दीस ठरलेली नऊ नंबर, म्हणजे मधली स्ट्रायकर, नाही. बाजूने धावणारी, रेषेबाहेरून हाताने लांब थ्रो टाकणारी. सप्टेंबर 2020 मध्ये बलाढ्य स्वीडनला 1-1 रोखलं तो गोल तिच्या थ्रोमुळेच झाला होता, नाव मात्र लागलं एलिन मेट्टाचं. जुलै 2024 मध्ये लाउगारदालवर जर्मनीला 3-0 लोळवलं, त्यात गोल तर तिचा होताच, शिवाय बचावफळीला तिने दिवसभर पळवलं. तिला गोलांनी मोजलंत तर चुकीचं माप लावताय.

आकडेमोड
मग उत्तरवारांनी रोमाविरुद्धचे चार गोलच का पुढे केले? एकीचे गोल मोजायचे तेव्हा समोर कोण होतं ते विचारायचं, दुसरीला गोलांशिवाय मोजायचं, आणि चार मारले की मात्र गोलच मोजायचे. एकदा काय ते ठरवा.

पेठेतला_हाफबॅक
आनि स्वेइन्दीस पहिल्या सामन्यात कुणाविरुद्ध खेळली हो? लाटव्हिया. 9-0. त्यात हिचे दोन. मंजे झिम्बाब्वे तिच्याबी वाट्याला आलं की.

उत्तरवारा
आलंच. कुणाच्या येत नाही? फक्त तिच्या नावाची ओळख त्या सामन्यावर उभी नाही. मार्ग्रेतची त्या 79 वर उभी आहे, आणि इथे तिच्या बाजूने बोलणाऱ्या प्रत्येकानेही शेवटी आकडेच काढले. ती खेळायची कशी, पहिला स्पर्श कसा, डाव्या पायाने काय करायची, हे चौघांपैकी एकानेही लिहिलं नाही.

माल्मोकरीण
लिहिते की. उंचीने बेताची, अंगाने दणकट. पाठीवर बचावपटू घेऊन वळायची आणि फार तयारी न करता मारायची. गोलरक्षक तोल सावरत असतानाच चेंडू निघालेला असायचा. पेटीच्या बाहेरून मारायलाही कचरायची नाही. दुखणं वाढल्यावर धाव कमी झाली, तशी ती खाली उतरून पास द्यायला लागली. आइसलंडमधल्या सामन्यांची चित्रणं शोधून बघा, विशेषतः फ्रान्सविरुद्धचा 2007 चा. मग बोलू.