पाऊस पडल्यापासून चांगली खाणारी करडंच अचानक मरतायत, काय असेल?

परंडा_शेळीपालन
नमस्कार मंडळी, माझ्याकडं उस्मानाबादी शेळ्या आहेत, परंडा तालुका. पाऊस झाल्यावर माळावर कोवळं गवत आलं तसं सोडायला लागलो, वरून मक्याचा भरडा पण वाढवला कारण बोकड बकरी ईदला विकायचं डोक्यात आहे. आता होतंय असं की संध्याकाळी दाबून खाल्लेलं करडू सकाळी गोठ्यात मेलेलं सापडतं. एक डोळ्यासमोर गेलं, मान पाठीकडं ताणली, पाय झाडले आणि संपलं. ताप नाही, खोकला नाही. आणि मरतात ती सगळ्यात गुटगुटीत, अडीच तीन महिन्यांची, बारकी किरकिरी तशीच फिरतायत. काही शेळ्या गाभण पण आहेत त्यामुळं जास्त काळजी वाटते. जंताचं औषध सगळ्यांना एकदम देऊन टाकू का?

माळरान
दादा जंतच असणार, पावसाळ्यात जंत वाढतात. अल्बेंडाझोल पाजा सगळ्यांना.

गोठा_ते_दवाखाना
थांबा, सगळ्यांना नको. शेळी नुकती गाभण असेल तर अल्बेंडाझोल देत नाहीत, पहिल्या दीड महिन्यात पोटातल्या पिलाला व्यंग येऊ शकतं. आणि जंतानं मरणारं जनावर असं तडकाफडकी जात नाही हो, आधी खंगतं, डोळ्याची खालची पापणी उलटून बघितली तर पांढरी पडलेली असते, जबड्याखाली पाणी उतरतं. तुमची तर धडधाकट जातायत.

मला हा आंत्रविषार वाटतो, ज्याला आपण ईटी म्हणतो. याचे जंतू निरोगी शेळीच्या आतड्यात पण थोडे असतातच. एकदम कोवळं गवत किंवा भरडा जास्त पोटात गेला की न पचलेला पिष्टमय भाग आतड्यात उतरतो, तिथं जंतू भराभर वाढतात आणि विष सोडतात. म्हणून जे करडू सगळ्यात जास्त खातं, सगळ्यात जास्त दूध पितं तेच आधी जातं. काही तासांचा खेळ असतो, औषधाला वेळच मिळत नाही.

पण नुसत्या वर्णनावरून मी छातीठोक सांगणार नाही. पुढचं दगावलं तर लगेच सरकारी दवाखान्यात न्या आणि शवविच्छेदन करून घ्या, उशीर झाला तर सगळंच सडतं आणि काही कळत नाही. नाकातोंडातून किंवा गुदद्वारातून काळपट रक्त आलं असेल तर मात्र कापू नका, हलवू पण नका, फाशी रोग असू शकतो, तो माणसाला पण होतो, आधी डॉक्टरला फोन करा.

आजपासून भरडा एकदम कमी करा. सकाळी सोडायच्या आधी कडबा किंवा तुरीचं भुसकट पोटभर द्या आणि दव उतरल्याशिवाय सोडू नका. लस डॉक्टरांना विचारून लगेच घ्या, पण टोचली की त्याच दिवशी संरक्षण मिळत नाही, साधारण दोन आठवडे जातात. पहिल्यांदाच देताय तर दोन तीन आठवड्यांनी बूस्टर हवाच, तो बरेच जण विसरतात आणि मग लसीला नावं ठेवतात. पुढच्या वर्षी मे महिन्यातच उरकून घ्या.

फलटणची_ताई
वरचं सगळं बरोबर. मी गाभण शेळ्यांचं सांगते कारण खरं करडांचं संरक्षण तिथून सुरू होतं. शेळी साधारण १५० दिवसांत विते, विण्याच्या महिनाभर आधी तिला ईटी टोचली की चिकातून ती ताकद करडाला मिळते. म्हणून चीक पहिल्या अर्ध्या एक तासात पाजायचाच, वार पडायची वाट बघत बसायची नाही. नाळेला टिंक्चर आयोडीन लावा. मग करडाला स्वतःची लस तीन महिन्यांच्या पुढं. पीपीआरची, म्हणजे शेळ्यांच्या प्लेगची लस त्याच दिवशी घेऊ नका, मध्ये दोन तीन आठवडे जाऊ द्या.

आणि भाऊ, घाबरून गाभण शेळ्यांचा खुराक बंद नका करू!! शेवटच्या दीड महिन्यात पिलं झपाट्यानं वाढतात, उस्मानाबादीला जुळी तर नेहमीची, पोटात जागा कमी उरते आणि वैरण कमी खाल्ली जाते. रोज पाव किलोच्या आसपास खुराक लागतोच, फक्त दोन तीन वेळा विभागून द्या आणि हळूहळू वाढवत न्या. गाभण शेळी खाणं सोडून बाजूला उभी राहिली, दात खायला लागली तर घरगुती उपायात दिवस घालवू नका, आई आणि पिलं दोन्ही जातात.

परंडा_शेळीपालन
ताई, दादा, खूप आभार. काल अजून एक गेलं, रक्त वगैरे काही नव्हतं, दवाखान्यात नेलं. डॉक्टरांनी उघडून दाखवलं, मूत्रपिंड पार मऊ पडलेलं, ते पण ईटीच म्हणाले. भरडा कमी केला. उद्या लस टोचणार आहेत, पण बाटली मोठी आहे, उरलेली फ्रीजमध्ये ठेवून बूस्टरला वापरली तर चालेल का?

गोठा_ते_दवाखाना
नाही चालणार, उघडलेली बाटली त्याच दिवशी संपवायची. शेजारच्यांच्या शेळ्या पण उद्याच बोलवून घ्या. दवाखान्यापासून गोठ्यापर्यंत बर्फाच्या डब्यातून आणा, २ ते ८ डिग्रीत राहिली पाहिजे, पण बर्फाला चिकटून गोठू देऊ नका. आणि सुई बदलत रहा.

परंडा_शेळीपालन
ठीक आहे, वस्तीवरच्या सगळ्यांना आत्ताच निरोप देतो.